चार कांड्या भरेपर्यंत

आमच्या घरात बोलायचं म्हणजे ओरडायचंच. बेळगावच्या वडगावात ज्यांच्या मागल्या खोलीत माग चालतात त्यांना हे वेगळं सांगायला नको. चार पावरलूम एकदम धडधडायला लागले की आवाज 90 डेसिबलच्या वर जातो. शेजारी उभ्या माणसाला काही सांगायचं तर एकतर त्याच्या कानाशी जावं लागतं, नाहीतर नरडं ताणावं लागतं. माझा मुलगा ह्या आवाजात जन्मला, ह्याच आवाजात झोपायला शिकला. वीज जाऊन माग थांबले की तो दचकून जागा व्हायचा.

हे आधी लिहिते, कारण शाळेतून आलेली पहिली तक्रार हीच होती. फार मोठ्यानं बोलतो, उद्धट आहे.

2023 च्या जूनमध्ये तो पहिलीत गेला. जन्म डिसेंबरचा, म्हणजे तेव्हा जेमतेम साडेपाच वर्षांचा. त्या वेळी ह्या वयाच्या मुलांनाही पहिलीत घ्यायचे. सहा वर्षं पूर्ण हवीत हा नियम कर्नाटकानं 2025-26 पासून लावायचं ठरवलं आणि त्या वर्षीही थोडी सवलत दिली. आम्हाला वाटलं, एक वर्ष वाचलं. बालवाडी त्यानं गल्लीतल्या मराठी बालवाडीत केली होती. पहिलीला मात्र आम्ही इंग्रजी माध्यमाच्या खाजगी शाळेत घातलं. शाळेचं नाव लिहीत नाही, त्याची गरजही नाही. पुस्तकं इंग्रजी, टीचर बैलहोंगलकडच्या, कन्नड बोलणाऱ्या, वर्गातली निम्म्याहून जास्त मुलं घरी कन्नड बोलणारी. आमच्या पोराला मराठी सोडून दुसरं काही येत नव्हतं. चांगल्या शाळेत गेला की आपोआप येईल, एवढाच आमचा विचार.

जुलैत मुसळधार पाऊस लागला. मैदानात चिखल, मधली सुट्टी वर्गातच. त्या आठवड्यात पाणी प्यायच्या रांगेत त्यानं एका मुलाला ढकललं. त्याचा ओठ नळावर आपटून फुटला. मला बोलावून घेतलं. त्या मुलाची आई माझ्यासमोर बसली होती, तिच्या ओढणीवर रक्ताचा डाग होता. मी हात जोडून माफी मागितली. तिनं मला काही म्हटलं नाही, ते जास्त लागलं. घरी आल्यावर मी पोराच्या थोबाडीत मारली. जोरात मारली. तो रडला नाही. मागाच्या खोलीत गेला आणि कांड्यांच्या, म्हणजे सूत गुंडाळायच्या नळ्यांच्या, टोपलीमागं जाऊन बसला, अंधार पडेपर्यंत. त्या दिवशीचं त्याचं तोंड मला अजून दिसतं.

नंतर सल्ले सुरू झाले. मंगाईदेवीची यात्रा तोंडावर होती, सासूबाई म्हणाल्या, देवीला गाऱ्हाणं घाल, पोराला नजर लागली असंल. हे म्हणाले, "मी पण असाच होतो. चार फटके खाल्ल्यावर सरळ झालो." माझ्या भावानं मोबाइलवर काहीतरी बघितलं आणि फोन करून सांगितलं, ह्याला एडीएचडी, म्हणजे लक्ष न टिकण्याचा आणि अतिचंचलपणाचा त्रास, असणार, बेंगळूरला दाखवा. त्या एका शब्दानं माझी दोन रात्रींची झोप गेली.

पहिल्यांदा कान दाखवले. मोठ्यानं बोलणाऱ्या मुलाचे कान आधी तपासावेत, हे मला एका ओळखीच्या नर्सबाईंनी सांगितलं आणि ते अगदी बरोबर होतं. सर्दीनंतर पडद्यामागं पाणी साचून ह्या वयाच्या मुलांना कमी ऐकू येतं, बरेच वेळा कुणाच्या लक्षातही येत नाही आणि मग ते मूल ऐकत नाही म्हणून मार खातं. सरकारी आणि अनुदानित शाळांत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक वर्षातून एकदा येऊन अशी तपासणी करतं. आमची शाळा खाजगी, त्यामुळे आम्हीच गेलो. दोन्ही कान चांगले निघाले. डॉक्टरांनी एवढंच विचारलं, घरी टीव्ही मोठ्यानं असतो काय? मी म्हटलं, टीव्ही नाही, माग असतात.

त्यांनीच पुढं मुलांच्या समुपदेशक बाईंकडे पाठवलं. मी जाताना तयारीनं गेले होते, पोराच्या सगळ्या गुन्ह्यांची यादी डोक्यात घेऊन. बाईंनी ती ऐकली. मग विचारलं, "हे सगळं किती वाजता होतं?"

मला सांगता येईना. काय करतो ते मला पाठ होतं. केव्हा करतो ते मी कधी बघितलंच नव्हतं.

एडीएचडीचं मी घाबरत घाबरत काढलं. त्यांनी समजावून सांगितलं की ते असं एका भेटीत ठरत नाही. लक्षणं किमान सहा महिने टिकलेली असावी लागतात, घर आणि शाळा अशा दोन्हीकडे दिसावी लागतात आणि वयाच्या मानानं जास्त असावी लागतात. साडेपाच वर्षांचं पोर साडेसहाच्या मुलांशेजारी बसवलं तर ते चंचल दिसणारच. वर्गात वयानं सर्वात लहान असणाऱ्या मुलांवर हा शिक्का जास्त बसतो, असं वेगवेगळ्या देशांतल्या अभ्यासांत दिसून आलंय. "असेल तर बघू, उपचार आहेत. पण आधी दोन आठवडे फक्त लिहा," त्या म्हणाल्या. आधी काय घडलं, त्यानं काय केलं, नंतर तुम्ही काय केलं. आणि वेळ. दोन आठवडे सुधारायला काही करायचं नाही.

आमच्याकडे साड्यांच्या हिशेबाच्या लांबट वह्या असतात. त्यातलीच एक घेतली. पहिले तीन दिवस लिहिताना हात आखडायचा, कारण तिसऱ्या रकान्यात माझंच वागणं लिहायचं होतं. "ओरडले." "ओरडले." "मोबाइल दिला." "ह्यांनी मारलं, नंतर मोबाइल दिला." रोज रात्री हे वाचायचं आणि त्याखाली दुसऱ्या दिवसाची तारीख घालायची.

चौदा दिवसांत तेवीस नोंदी झाल्या. बाईंनी पेन्सिलीनं वेळांवर गोल केले, तेव्हा मी बघतच राहिले. तेवीसातल्या तेरा नोंदी दुपारी पावणेचार ते पाचच्या मधल्या होत्या. व्हॅनमधून उतरल्यापासून तासाभरात दप्तर फेकणं, बहिणीचे केस ओढणं, जमिनीवर लोळणं, सगळं त्याच वेळेत. सकाळी जवळजवळ काही नाही. रविवारी एक. आणि नऊ वेळा शेवट मोबाइलनं झालेला. म्हणजे लोळलं, किंचाळलं की मोबाइल मिळतो, हे आम्हीच त्याला नऊ वेळा शिकवलं होतं. कुठल्याही शाळेत एवढी उजळणी होत नाही.

त्या तासाचं कारण साधं निघालं. डबा रोज अर्धा परत यायचा. मी समजत होते की भाजी आवडत नाही. वहीत लिहायला लागल्यावर विचारलं, तर कळलं की जेवायच्या सुट्टीत तो बरेचदा उभा केलेला असायचा. पोर सकाळी साडेआठला घरातून निघायचं आणि जवळजवळ उपाशी यायचं. शिवाय दिवसभर तो स्वतःला धरून बसायचा. समुपदेशक बाई म्हणाल्या, मुलं शाळेत आवरून धरलेलं सगळं घरी, आईपुढंच सोडतात, कारण तिथं सोडलं तरी चालतं हे त्यांना ठाऊक असतं. मी इतके दिवस उलटं समजत होते. मलाच त्रास द्यायचा म्हणून करतो, असं वाटायचं.

दुसऱ्या दिवसापासून व्हॅनच्या दारातच त्याच्या हातात गूळ-तुपाची चपातीची गुंडाळी द्यायला लागले. "काय शिकवलं? पुन्हा कुणाला मारलास काय?" हे विचारायचं बंद. अर्धा तास कुणी काहीही विचारायचं नाही. सासूबाईंना हे पटलं नाही, पण चपातीची गुंडाळी त्याच करून ठेवायच्या.

आता अवघड भाग. मोबाइल.

बाईंनी आधीच बजावलं होतं: बंद केल्यावर पहिले काही दिवस आकांत वाढेल. आजवर ज्या किंचाळण्याला फळ मिळत होतं त्याला मिळेनासं झालं की मूल आधी जास्त जोरात किंचाळून बघतं. चौथ्या दिवशी तुम्ही हरलात तर ते शिकेल की चार दिवसांएवढं रडावं लागतं. तेव्हा टिकणार असाल तरच सुरू करा. मी ह्यांना आणि सासू-सासऱ्यांना एकत्र बसवून हे सांगितलं, कारण घरातल्या एकानं जरी गुपचूप फोन दिला असता तरी सगळं वाया गेलं असतं. पहिल्या दिवशी तो चाळीस मिनिटं रडला. दुसऱ्या दिवशी तासभर. तिसऱ्या दिवशी त्यानं मागाचा धोटा, आडवं सूत नेणारा, उचलून भिंतीवर फेकला. ह्यांचा हात वर गेला होता. मी तो धरला. त्या वेळी माग चालू होते, आम्ही एकमेकांशी बोललोही नाही, नुसतं बघितलं. सहाव्या दिवशी दहा मिनिटं. मग एक दिवस विसरूनच गेला.

मधल्या काळात त्याच्याजवळ बसायचं, पण बोलत राहायचं नाही, असं ठरलेलं. "आता तुला राग आलाय" एवढंच म्हणायचं. आमच्यात कुणी अशा भाषेत बोलत नाही, मला पहिल्यांदा फार परकं वाटलं. शेवटी मी आमच्या पद्धतीनं म्हणायला लागले, "लई राग आला बघ माझ्या राजाला." ते चाललं.

दुसरं काम सोपं वाटलं होतं आणि तेच मला सर्वात जड गेलं. रोज दहा मिनिटं त्याच्याबरोबर खेळायचं, खेळ त्याचा. आपण शिकवायचं नाही, प्रश्न विचारायचे नाहीत, हुकूम द्यायचा नाही. करून बघा. "हा कुठला रंग? मोज बघू किती झाल्या?" हे तोंडावर यायचंच. माझे कांड्या भरायचे हात रिकामे बसायला तयार नव्हते.

चौथ्या-पाचव्या दिवशी त्यानं शाळा-शाळा मांडली. रिकाम्या कांड्या ओळीनं उभ्या केल्या, ही मुलं. हातात फूटपट्टी. आणि तो ओरडला, "सुम्न कूडु!" एका कांडीला पट्टी मारली, ती पडली. "सुम्न कूडु!" दुसरी पडली. गप्प बस, गप्प बस, एवढंच. सगळा वर्ग आडवा होईपर्यंत. कन्नडमधले त्याला येणारे दोनच शब्द होते, आणि ते हे. मी प्रश्न विचारायचा नाही म्हणून विचारला नाही. सगळ्या कांड्या पडल्यावर त्यानंच विचारलं, "आई, टीचर आपली दुश्मन हाय काय?"

सासरे दारात उभे होते. त्यांनी ऐकलं.

आमच्या घरात 1 नोव्हेंबरला काळा दिन पाळतात. सासरे तरुणपणापासून फेरीत जातात. 1956 मध्ये बेळगाव तिकडं, आताच्या कर्नाटकात, गेलं, तेव्हापासूनचं दुःख आहे, जेवताना विषय निघतो, कन्नड सक्तीबद्दल मोठ्यानं बोलणं होतं. ते दुःख माझंही आहे, त्यात मला कमी-जास्त करायचं नाही. पण आमच्या ध्यानात आलं नव्हतं की ताटावर बसलेलं साडेपाच वर्षांचं पोर हे ऐकतंय, आणि सकाळी उठून एकटं जाऊन त्याच भाषेत चाळीस जणांत बसतंय. सासरे काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तयार साड्यांच्या घड्या मोजताना त्याला शेजारी बसवून घेतलं आणि मोठ्यानं मोजायला लागले: ओंदु, एरडु, मूरु, नाल्कु. सुताच्या व्यापाऱ्यांशी, शेजारच्या विणकरांशी ते आयुष्यभर कन्नडच बोलत आलेत. नातवानं ते पहिल्यांदा ऐकलं.

समुपदेशक बाईंनी हा धागा पुढं नेला. नवीन भाषेत टाकलेलं मूल काही आठवडे, कधी कधी महिनेसुद्धा गप्प राहतं. कळायला लागलेलं असतं, पण बोलता येत नाही. अशा मुलाला कुणी रांगेत मागं ढकललं तर ते "माझा नंबर आहे" म्हणू शकत नाही. मग हात चालतो. ओठ फुटलेल्या दिवशी काय झालं होतं, हे तेव्हा मला कुणी सांगितलं नाही आणि मी विचारलंही नाही. कुणीतरी त्याच्यापुढं घुसलं असेल, असं आता वाटतं. खात्री नाही.

आमच्या गल्लीत एक अक्का आहेत, घरी कन्नड बोलणाऱ्या. त्यांच्याकडे तो रोज संध्याकाळी जायला लागला. पुस्तक नाही, लिहिणं नाही. चार वाक्यं पाठ करून घेतली, जी पहिलीतल्या मुलाला खरोखर लागतात. "ननग तिळीलिल्लरी", मला कळलं नाही. "इन्नोम्मे हेळ्री", पुन्हा एकदा सांगा. एक पाणी मागायचं, एक बाहेर जायचं विचारायचं. ही चार वाक्यं जूनमध्येच दिली असती तर कितीतरी टळलं असतं. सीमाभागातल्या, मुलाला दुसऱ्या भाषेच्या वर्गात घालणाऱ्या प्रत्येक आईला मी हेच सांगते: अक्षरं नंतर शिकवा, आधी एवढी चार वाक्यं द्या.

मग टीचरना भेटायला गेले. वही घेऊन गेले, तक्रार घेऊन नाही. 2009 च्या शिक्षण हक्क कायद्याच्या 17 व्या कलमानं शाळेत शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ दोन्ही बंद केलेत, हे मला तोवर माहीत झालं होतं, आणि जेवायच्या सुट्टीत उभं करण्याबद्दल मी बोललेही. पण ते शेवटी, आणि आवाज न चढवता. आधी घरचं सांगितलं. मागांचं, मोठ्यानं बोलण्याचं. त्या ऐकून गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "नोड्री, मला वाटायचं तो मुद्दाम ओरडतो." पंचेचाळीस मुलं होती त्यांच्याकडं, मदतीला कुणी नाही. मलाही ते दिसत होतं.

आम्ही दोघींनी तीन गोष्टी ठरवल्या. त्याला पुढच्या बाकावर बसवायचं. आवाज वाढला की नाव घेऊन रागवायचं नाही, तळहात खाली करून दाखवायचा, ही त्याची आणि टीचरची खूण. आणि सुट्टी संपून वर्ग सुरू होताना, जिथं सर्वात जास्त ढकलाढकली व्हायची, तेव्हा त्याला वह्या वाटायचं काम. हे तिसरं सर्वात चांगलं लागू पडलं. हात कामात असले की पोर मारत नाही, विणकराच्या पोराला तर नाहीच. शिक्षा म्हणून उभं करायचं असेल तर जेवण झाल्यावर, हे त्यांनी मान्य केलं. नंतर त्या ते विसरल्या नाहीत, त्याबद्दल मी त्यांची आभारी आहे.

घरातही बोलायची रीत बदलली. मागाच्या आवाजावरून ओरडून सांगितलेलं धरायचंच नाही, असं मी स्वतःला सांगितलं. जवळ जायचं, खाली बसायचं, खांद्याला हात लावून एकच गोष्ट सांगायची. "पळू नको" ऐवजी "हळू चाल". "शहाणा माझा" हे चांगलं वाटतं, पण त्यातून त्याला काही कळत नाही. "लाल कांड्या वेगळ्या काढून ठेवल्यास, मला सापडायला बरं झालं" म्हटलं की दुसऱ्या दिवशी पिवळ्याही वेगळ्या निघतात.

खेळ बंद करून जेवायला उठवताना रोज भांडण व्हायचं. "पाच मिनिटांत ऊठ" ह्याचा त्या वयाच्या मुलाला काही अर्थ लागत नाही, पाच मिनिटं दिसत नाहीत. कांड्या दिसतात. "चार कांड्या भरेपर्यंत खेळ, मग जेवण." तो कांडी मशीनकडं बघत बघत खेळायचा आणि चौथी भरली की स्वतःच सांगायला यायचा. हे मला कुणी शिकवलं नाही, माझंच डोकं.

झोपेचं थोडक्यात सांगते. सहा ते बारा वयाच्या मुलांना नऊ ते बारा तास झोप लागते. आमचा पोरगा आठसुद्धा झोपत नव्हता, कारण दिवसा वीज गेली की माग रात्री चालायचे आणि सगळं घर जागं असायचं. आता रात्रपाळी असली तर मुलं नवाच्या आत पुढच्या खोलीत. ह्यात कमाईचा प्रश्न आहे, तो पूर्ण सुटलेला नाही.

दिवाळीनंतर बाईंकडे पुन्हा गेलो, तेव्हा वहीत दोन आठवड्यांत सहा नोंदी होत्या. एडीएचडीबद्दल त्या म्हणाल्या, सध्या तसं दिसत नाही, दुसरीत पुन्हा बघू. दुसरीत पाहिलं, तेव्हाही नाही निघालं. पण निघालं असतं तरी ही वही लागलीच असती, असं त्यांनी सांगितलं होतं, आणि तो शब्द ऐकून आता माझी झोप जाणार नाही.

ह्यांनी अजून दोनदा हात उगारलाय. एकदा मारलंही. त्या रात्री त्यांनी स्वतःहून वही मागितली आणि तिसऱ्या रकान्यात लिहिलं. त्यांचं अक्षर त्या वहीत पहिल्यांदाच उमटलं.

आता तो तिसरीत आहे. टीचर बदलल्यात, वर्गाची खोली वरच्या मजल्यावर गेलीय. गेल्या पंधरवड्यापासून मंगळवार आणि शुक्रवार असे दोनच दिवस तो घरी येऊन गप्प बसतो, गुंडाळी खात नाही. मारामारी नाही, रडणं नाही, म्हणून दुसऱ्या कुणाच्या लक्षात आलं नसतं. त्या दोन दिवसांत काय असतं ते मी त्याच्या वेळापत्रकात बघितलं: शेवटचा तास खेळाचा. उद्या शुक्रवार आहे. मी सव्वातीनला शाळेच्या फाटकाशी जाऊन उभी राहणार आहे.